डावं-उजवं

म्सोवोया सर, तुम्ही हृदय काढलंत
तेव्हा खडू संपत आला होता.
नखाएवढ्या तुकड्यानं चार कप्पे,
मग महाधमनी, फळ्याबाहेर जाणारी,
मग फळ्याच्या डाव्या बाजूला लिहिलंत 'डावं'
आणि उजव्या बाजूला 'उजवं'.
किती सरळ वाटलं होतं ते.

चित्रातलं हृदय आपल्याकडे तोंड करून असतं,
त्याचं डावं आपल्या उजव्या हाताला येतं,
हे आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं.
तुम्हालाही नसावं.
आम्ही एकतीस जण, पुस्तकं सहा,
त्यातल्या तिनांत ते पान नव्हतं.

निकालाच्या दिवशी बाकीच्या शाळांपुढे आकडे होते,
आमच्या केंद्रापुढे एकच शब्द: रोखला.
आईनं सुक्या मासळीची टोपली उतरवली.
'नापास?'
नाही.
'मग पास?'
नाही.
'मग या दोहोंच्या मधे काय असतं गं, तिसेके?'

मी पत्र लिहिलं. मग दुसरं, रजिस्टर.
रुम्फीच्या पोस्टातला म्हातारा म्हणाला,
पावती जपून ठेव, पोरी,
निकालाआधी हीच कामाला येईल.
तिसऱ्या पत्राला उत्तर आलं, दीड ओळीचं:
सामूहिक कॉपी. निर्णय अंतिम.
सहीच्या जागी शिक्का, तोही तिरका.

म्झुझूत, छत्र्या दुरुस्त करणाऱ्याच्या वरच्या मजल्यावर
जेरे वकीलबाई बसतात.
मी फी विचारली. त्यांनी विचारलं,
'तुला मंडळानं काही विचारलं होतं का?'
काय?
'काहीही.'
मी नाही म्हटलं.
त्यांनी पेनाचं टोपण काढलं.
'मग झालं. दोषी ठरवायच्या आधी विचारावं लागतं.
कायदा एवढाच आहे, बाकी सगळं लॅटिन.'

पण लॅटिननं भागलं नाही, सर.
मंडळाच्या वकिलानं टेबलावर मांडली
एकतीस उत्तरपत्रिकांतली एकतीस हृदयं,
सगळी उलटी, सगळी सारखी,
आणि विचारलं, हा योगायोग?
मी तुमच्याकडे पाहिलं नाही.
तुम्हाला बोलवा, हे मीच सुचवलं होतं.

तुम्ही मिनीबसनं आला होता, उसन्या टायमध्ये.
कागद मागितलात.
चार कप्पे, महाधमनी, डावं, उजवं,
एकदाही न थांबता.
बत्तिसावं हृदय.

मग जेरेबाईंनी तक्ता समोर धरला.
तुम्ही बराच वेळ पाहत राहिलात.
छातीवर हात ठेवलात,
न्यायमूर्तींकडे चक्क पाठ केलीत,
पुन्हा वळलात.
पांढऱ्या टोपाखाली न्यायमूर्तीही
आपलं डावं चाचपत होते, मी पाहिलं.
'सतरा वर्षं,' तुम्ही म्हणालात.
'मुलांनी कॉपी माझी केली. वर्गात, उघड्यावर.'
कुणीतरी हसलं. तुम्ही हसला नाहीत.

जिंकलो आपण. म्हणजे कोर्ट म्हणालं:
मुलांना ऐका, उत्तरपत्रिका दाखवा,
कारण द्या, लेखी.
पास करा, असं कोर्ट म्हणत नसतं.

कारण लेखी आलं.
हृदयाला सहापैकी शून्य,
मी जीवशास्त्रात दोन गुणांनी नापास.
आईला कागद वाचून दाखवला, ती म्हणाली,
'बरं. आता कळलं तरी.'
तिनं तो पोस्टाच्या पावतीशेजारी ठेवला,
मिठाच्या डब्यात.

पुढच्या वर्षी पुन्हा बसले. पुन्हा हृदय आलं.
हात थोडा अडला.
मग तुम्ही दिसलात, साक्षीदाराच्या पिंजऱ्यात, माझ्यासमोर,
कोटाच्या वरच्या खिशाला खडू लागलेला.
खिसा तुमच्या डावीकडे होता,
माझ्या उजवीकडे.
तिथं मी लिहिलं: डावं.